फाटकापाशी एक पाऊल

टिल्डा हिवाळ्यात गेली. वसंत सरता सरता माझ्या लक्षात आलं की ती कशी चालायची हे मी विसरलो आहे.

चेहरा आठवत होता. आवाजही आठवत होता. कढई घासताना ती तिच्याशी भांडायची, तेही आठवत होतं. चालणं तेवढं आठवत नव्हतं. आठवायला गेलो की शेवटच्या आजारातलं चालणं पुढे यायचं. पलंगापासून खिडकीपर्यंत, एक हात भिंतीला धरून, पाय ओढत, मधे थांबून श्वास घेत. तिची फुप्फुसं गेली होती. त्या चालण्यानं आधीची सगळी वर्षं पुसून टाकली होती. मी डोळे मिटायचो, ती दारातून आत येईल म्हणून वाट बघायचो, आणि यायची ती भिंत धरूनच.

शेजारीपाजारी म्हणायचे, "आमोस, तू नशीबवान आहेस बाबा. आमची माणसं गेली ती गेलीच. तुझी बायको सिनेमात होती. आठवण आली की बघून घ्यायचं."

त्यांना आमचा धंदा माहीत नव्हता.

ईडनडेलला टेकडीखाली आमची कंपनी होती. विनोदी चित्रं काढायची, मुकी. छप्पर नसलेला लाकडी मंच, वर उन्हासाठी ताणलेली पांढरी कापडं, आणि खाली पडणारी, आपटणारी, पळणारी माणसं. मी कॅमेऱ्याचं हँडल फिरवायचो. त्यात एक गंमत असते. हँडल हळू फिरवलं की पडद्यावर माणसं भरभर पळतात. लोक हसतात ते त्या भरभरीला. म्हणून हॅगर्टी, आमचा दिग्दर्शक, पहिल्या दिवसापासून ओरडायचा, "हळू फिरव, आमोस, हळू! मला माणसं नकोत, उड्या मारणारे बेडूक पाहिजेत!"

हात एकसारखा राहावा म्हणून मी गुणगुणायचो. माझे वडील विळ्यानं गवत कापताना एक धून गुणगुणत. तिला शब्द नव्हते. ती धून चालू असली की माझा हात चुकत नसे. सिनेमा मुका, त्यामुळे कुणाला अडचण नव्हती. मंचावरची माणसंसुद्धा त्या तालावर पडायला शिकली होती.

तर टिल्डा सिनेमात होती हे खरं. पण एकाही चित्रात ती स्वतःच्या चालीनं चाललेली नव्हती. सगळीकडे ती भुर्रकन यायची आणि भुर्रकन जायची. आणि ती तशी दिसावी म्हणून हँडल फिरवणारा मीच होतो.

ती मुळात नटी नव्हती. आमच्या मंचावर कॅन्टीनमधून जेवण घेऊन यायची. एकदा ओल्या फळीवरून तिचा पाय सटकला, ती धाडकन बसली, पण हातातलं कॉफीचं भांडं सरळच राहिलं. थेंब सांडला नाही. हॅगर्टी म्हणाला, "पोरी, पुन्हा पड बघू." ती म्हणाली, "त्याचे वेगळे पैसे पडतील." तिथून ती नायिका झाली.

नायक ऑर्व्हिल पिंकनी. उंच, काठीसारखा, मान बगळ्याची. प्रत्येक चित्रात तो तिच्यावर प्रेम करायचा. कधी खिडकीतून हौदात पडायचा, कधी पिठाच्या पोत्यात, कधी चुन्याच्या घमेल्यात. शेवटी पाद्री यायचा, दोघांचं चुंबन व्हायचं, आणि चुंबनाच्या वेळी वरून काहीतरी पडायचं. पडद्यावर त्या दोघांची लग्नं इतक्यांदा झाली की पुढे आमचं खरं लग्न झाल्यावरही रस्त्यात लोक मला तिचा भाऊ समजायचे.

त्या दिवसांत मी तिच्याशी कामापलीकडे एक शब्द बोललो नव्हतो. मला बोलायची सवय नाही. एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत तीच येऊन माझ्या कॅमेऱ्याला टेकून उभी राहिली.

"ए हँडलवाल्या, मला विचारणार आहेस, का नुसताच फिरवत बसणार आहेस?"

"काय विचारायचंय?"

"ते पण मीच सांगू?"

मला घाम फुटला. म्हटलं, "तुला कसं कळलं?"

तिनं कॅमेऱ्यावर टिचकी मारली. "हा सांगतो ना."

मला वाटलं, थट्टा करते आहे. तिला थट्टेची सवयच होती. पुढच्या महिन्यात आमचं लग्न झालं. चुंबनाच्या वेळी ऑर्व्हिलनं वर बघितलं, काही पडतंय का म्हणून, आणि चर्चमधले सगळे हसले. पाद्रीला काही कळलं नाही.

मग वर्षं गेली. मोठं युद्ध, मोठी चित्रं, मग बोलपट. आमची कंपनी बुडाली. मी दुकानांच्या पाट्या रंगवू लागलो. ऑर्व्हिलनं खोऱ्यात कोंबड्या पाळल्या. कंपनीची जुनी रिळं भंगारात गेली. फिल्ममध्ये चांदी असते, ती काढून घेतात आणि उरलेल्याचे कंगवे होतात. तिचं सगळं काम असं कंगव्यांमध्ये गेलं.

एक रीळ तेवढं वाचलं. चुन्याच्या घमेल्याचं, 'चुन्यातलं लग्न'. ते ऑर्व्हिलनं कोंबड्यांच्या खाद्याच्या डब्यात जपून ठेवलं होतं.

उन्हाळ्यात सेफेरिनो माझ्याकडे आला. सेफेरिनो आमच्या कंपनीत फिल्म धुवायचा. आता टेकडीखालच्या छोट्या थिएटरात प्रोजेक्टर चालवतो. म्हणाला, "शनिवारी दुपारी ये. मालकीणबाईंनी जुन्या चित्रांचा खेळ ठेवलाय. ऑर्व्हिलचं रीळ लावतोय. टिल्डा आहे त्यात."

मी दाढी केली, कॉलर लावली आणि गेलो.

लोक हसले, भरपूर हसले. पण ते विनोदाला हसत नव्हते. जुन्या टोप्यांना आणि जुन्या मिशांना हसत होते. त्यातून सेफेरिनोच्या प्रोजेक्टरला आता मोटर लागलेली. बोलपटांसाठी ती एकाच वेगानं पळते, आणि तो वेग फार जास्त. ऑर्व्हिल पडद्यावर विजेचा झटका बसल्यासारखा नाचत होता. मग पांढरं लाकडी फाटक आलं. मला ते फाटक माहीत होतं, मीच रंगवलं होतं. फाटकातून टिल्डा बाहेर आली, हातात धुण्याची टोपली.

मी पुढे वाकलो. ती कोंबडीसारखी तुरुतुरु गाडीपर्यंत गेली आणि संपलं. मला काहीही दिसलं नाही. शेजारचा माणूस बायकोला म्हणाला, "हिच्या पायात स्प्रिंग आहे बघ." बायको हसली.

बाहेर ऑर्व्हिल उभा होता. जुनाच सूट, बाहीला कोंबडीचं पीस. चेहरा उजळला होता.

"ऐकलंस? ऐकलंस, आमोस? छप्पर उडालं!"

"ऐकलं."

"पुढच्या शनिवारी एका स्टुडिओचा माणूस येणार आहे. मालकीणबाईंच्या ओळखीचा. त्यांना असा माणूस हवाय ज्याला पडता येतं. आजकालच्या पोरांना पडता येत नाही रे. बसतात, पडत नाहीत. तो हे रीळ बघणार. बघितलं की झालं."

"झालं," मी म्हटलं. मला त्याचा आनंद मोडायचा नव्हता. मी घरी आलो, कॉलर काढली आणि बराच वेळ नुसता बसून राहिलो. मग मला सुचलं. माझ्यासारख्याला ते आधीच सुचायला हवं होतं. कॅमेरा ज्या वेगानं फिरवला त्याच वेगानं प्रोजेक्टर फिरवला, तर माणसं खरी होती तशी दिसतील. मोटर काढून हाताचं हँडल लावायचं, बस. टिल्डा फाटकातून चालत येईल, तिच्या पायांनी.

सेफेरिनोनं ऐकून घेतलं आणि मान हलवली.

"हँडल लागेल. ते कपाटात आहे. पण हळू फिरवलंस तर काय होतं ते तुला सांगायला पाहिजे का?"

सांगायला नको होतं. त्या फिल्मचं बारुदाशी नातं आहे. दिवा तिच्या मागे जळत असतो. ती पळत राहिली तर ठीक. रेंगाळली तर पेटते. म्हणून प्रोजेक्टरला एक झडप असते, वेग कमी झाला की आपोआप खाली पडते आणि दिवा झाकते.

"झडप तू हातानं वर धरशील," मी म्हटलं. "दिवा मंद करू. पुढे पाणी भरलेली काच लावू, तेवढी उष्णता ती खाईल."

"आणि पेटली तर? माझी नोकरी जाईल, थिएटर जाईल. आणि रीळ माझं नाही, ऑर्व्हिलचं आहे. त्याला विचारलंस?"

मी दुसऱ्या दिवशी खोऱ्यात गेलो. ऑर्व्हिल खुराड्यात वाकून अंडी गोळा करत होता. मीही टोपली घेतली आणि त्याच्यामागून जाऊ लागलो. कसं बोलायचं ते कळत नव्हतं, म्हणून सगळं एकदम बोलून टाकलं.

तो सरळ झाला तेव्हा डोकं छपराला लागलं.

"तुला वेड लागलंय."

"असेल."

"माझ्याकडे दुसरं काही नाही, आमोस. लोकांना वाटतं, हा कोंबडीवाला खोटं बोलतो. हे रीळ आहे म्हणून मी कुणीतरी होतो. आणि ते तू दिव्यापुढे हळूहळू भाजणार? शनिवार पाच दिवसांवर आलाय!"

"काळजी घेऊ."

"काळजी! आपण दोघांनी हॅगर्टीकडे काम केलंय. काळजी घेतली की काय होतं ते मला सांगू नकोस. शिडी काळजीनं लावली होती तेव्हा माझ्या बरगड्या गेल्या."

मी पुढच्या खुराड्याकडे वळलो. एक कोंबडी उठायला तयार नव्हती, मी तिच्याखाली हात घातला. मग म्हणालो, "मला तिचं फक्त आजारातलं चालणं आठवतं, ऑर्व्हिल. भिंत धरलेलं. दुसरं काहीच येत नाही."

आम्ही ती ओळ संपवली. बाहेर आल्यावर त्यानं माझ्या टोपलीतली अंडी काढून स्वतःच्या टोपलीत ठेवली, एकेक, फार सावकाश.

"मंगळवारी सकाळी," तो म्हणाला. "एकदाच. आणि मी तिथे असणार."

मंगळवारी मालकीणबाई बहिणीकडे पासाडेनाला जातात. सकाळी थिएटर रिकामं होतं, झाडलेलं, शेंगांच्या टरफलांचा वास अजून होता. सेफेरिनोनं मोटरचा पट्टा काढून हँडल बसवलं. वाळूची बादली जवळ ओढली. दिव्यापुढे पाण्याची काच लावली. मग एका हातानं झडप वर धरली आणि दुसऱ्या हातानं छातीवर क्रूस काढला.

ऑर्व्हिल खाली, पहिल्या रांगेत बसला होता. वर प्रोजेक्टरच्या खोलीतल्या भोकातून मला त्याची मानच दिसत होती.

मी फिरवायला लागलो. हॅगर्टीनं शिकवलेला वेग माझ्या हातात अजून होता, हळू आणि एकसारखा. मी गुणगुणत नव्हतो. टिल्डा गेल्यापासून मी गुणगुणलोच नव्हतो. तसं काही ठरवलं नव्हतं, पण तसं झालं होतं.

पडदा अंधुक होता पण दिसत होतं. ऑर्व्हिल रस्त्यावरून आला. आणि तो माणूस होता! बेडूक नाही. तरुण, उंच, थोडा लाजरा माणूस, हातात फुलं, बुटाकडे बघत चालणारा. खाली खुर्चीतल्या ऑर्व्हिलनं टोपी काढली. त्यानंही स्वतःला असं कधी पाहिलं नसावं.

मग फाटक आलं. ते उघडलं. टिल्डा बाहेर आली.

ती पाण्याखाली असल्यासारखी आली. पाय उचलायला वेळ, टेकायला वेळ. टोपली जड, मान खाली. एक पाऊल, मग थांबल्यासारखं, मग दुसरं. भिंत तेवढी नव्हती. बाकी तेच, पलंगापासून खिडकीपर्यंतचं. मी पडद्यावर तिच्या तरुणपणात गेलो होतो आणि तिथेही ती आजारीच चालत होती.

माझा हात थांबला.

मी थांबवला नाही, तो थांबला. पडद्यावर तिच्या खांद्यापाशी तपकिरी डाग उमटला. तो फुगला, त्याला कडा आल्या.

"फिरव! आमोस, फिरव!" सेफेरिनो ओरडला, आणि मी फिरवायच्या आत त्यानं झडप आपटली, फिल्म वरून आणि खालून तोडली आणि पेटलेला तुकडा वाळूत दाबला. खोलीत तो घाणेरडा गोड वास भरला. जिन्यावर धडधड आवाज झाला. ऑर्व्हिल एवढ्या उंचीचा, त्याचं डोकं दाराला आपटलं, आणि त्याच्याकडे कुणी बघितलंही नाही.

"किती गेलं?"

"थोडं," सेफेरिनो म्हणाला. त्याच्या बोटांना फोड आले होते. तो फिल्मची टोकं उजेडात धरून बघत होता. "हाताच्या पंजाएवढं. तिचं एक पाऊल. बाकी शाबूत आहे. जोडता येईल."

ऑर्व्हिल माझ्याकडे वळला. मला वाटलं मारतो आता. मारलं असतं तर बरंही वाटलं असतं.

"झालं समाधान?"

"नाही," मी म्हटलं. "ती तशी चालत नव्हती. ऑर्व्हिल, ती तशीच चालायची का? पहिल्यापासून? सांग मला."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. राग तसाच होता, पण त्यात दुसरं काहीतरी आलं. तो वाळूच्या बादलीशेजारच्या खोक्यावर बसला. त्याचे गुडघे कानापाशी आले.

"तू फिरवत कसा होतास आता?" त्यानं विचारलं.

"तेव्हा फिरवायचो तसा. हॅगर्टीच्या वेगानं."

"गाढवा. हॅगर्टीच्या वेगानं तू मला फिरवायचास. तिला नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे काय? तुला खरंच माहीत नाही?" तो सेफेरिनोकडे वळला. "याला माहीत नाही!"

सेफेरिनो फोडांवर फुंकर घालत म्हणाला, "मला वाटायचं याला माहीत आहे. फिल्म धुताना मला दिसायचं. टिल्डाच्या तुकड्यांमध्ये एकेका पावलाला जास्त चित्रं भरायची."

"अरे, तू ते गवताचं गाणं म्हणत असायचास," ऑर्व्हिल म्हणाला. "मी एकटा असलो की सावकाश, म्हाताऱ्या बैलासारखं. ती फाटकातून आली की गाणं उड्या मारायला लागायचं. हात त्याच्यामागे. सगळ्या मंचाला ऐकू यायचं! हॅगर्टी डोकं आपटून घ्यायचा. 'आमोस, हँडल सांभाळ, तुझं हँडल प्रेमात पडलंय!' तू म्हणायचास, 'हो साहेब,' आणि पुन्हा तेच. तू जोरात फिरवायचास म्हणून पडद्यावर ती माझ्याइतकी पळत नसे. मी बेडूक, ती राणी. आणि ती शेजारी असली की माझीही पडझड मंदावायची. माझ्या सगळ्यात चांगल्या आपट्या तू वाया घालवल्यास, आमोस. मी कधी बोललो नाही."

मला हॅगर्टीचं ओरडणं आठवत होतं. हँडल सांभाळ, एवढंच मी ऐकलेलं. पुढचं वाक्य मला नेहमीची शिवी वाटायचं, म्हणून मी ते कानाआड करायचो. आणि मग मला टिल्डा आठवली, कॅमेऱ्याला टेकलेली. टिचकी मारणारी. हा सांगतो ना.

सेफेरिनोनं ब्लेड आणि डिंक काढला आणि फिल्मची दोन टोकं जोडली. फोड आलेल्या बोटांनी, तरी जोड सरळ. मग तो म्हणाला, "आता मोटर लावतो. वर्ष गेलं तरी हा विषय पुन्हा काढायचा नाही."

"थांब," ऑर्व्हिल म्हणाला.

"काय थांब?"

"पुन्हा लाव."

"एकदाच म्हणाला होतास," मी म्हटलं.

"ते एकदा मोजायचं नाही. ते वाया गेलं. हॅगर्टी असता तर म्हणाला असता, पुन्हा घ्या." तो उठून माझ्या मागे येऊन उभा राहिला. "पण गुणगुण. नाहीतर मी फिल्म काढून घरी जातो."

मला जमेना. तोंड उघडलं तर आवाज फुटेना. सेफेरिनोनं झडप धरली, दिवा लागला, मी फिरवायला लागलो, रस्ता आला, आणि माझ्या कानामागे ऑर्व्हिलच सुरू झाला. त्याचा आवाज भयंकर आहे. गवताचं गाणं त्यानं असं म्हटलं की माझे वडील असते तर विळा घेऊन मागे लागले असते. पण धून तीच होती. दोन ओळींनंतर मी त्याच्याकडून ती घेतली.

फाटक उघडलं.

मी काही केलं नाही. हात आपणहून पुढे गेला, जसा इतकी वर्षं गेला होता. टिल्डा बाहेर आली. जोड आला, ती जरा हलली, आणि मग ती चालत होती.

ती अशी चालायची. डावा पाय किंचित बाहेर टाकून, जणू वाटेतल्या खड्ड्याला वळसा घालते आहे. खांदे सैल. टोपली कमरेवर, आणि त्या बाजूचं कोपर मागेपुढे, चालताना कुणाला तरी बाजूला सर म्हणत असल्यासारखं. घाई नाही, पण रेंगाळणंही नाही. भाजी आणायला जायची तेव्हा अशीच. चर्चला अशीच. मी कामावरून येताना ती कोपऱ्यावर भेटली की अशीच माझ्याकडे यायची. हे सगळं मला ठाऊक होतं. ते कुठे गेलं नव्हतं. फक्त पुढे येत नव्हतं.

ऑर्व्हिल गुणगुणायचा थांबला होता. मी चालू ठेवलं.

पडद्यावर ती गाडीपाशी पोचली. तरुण ऑर्व्हिल फुलं घेऊन वळला, शिडीला धक्का लागला, चुन्याचं घमेलं कलंडलं, आणि दोघं पडायला लागले. इतकी वर्षं लोक त्या पडण्याला हसले होते. या वेगानं ते पडणं मला पहिल्यांदाच दिसलं. ऑर्व्हिलनं तिच्या मनगटावर दोनदा दाबलं, आता पडायचं म्हणून. मग त्याचा उजवा हात तिच्या डोक्यामागे गेला आणि जमिनीपर्यंत तिथेच राहिला. आधी त्याची बोटं फळीवर आपटली, मग त्यांच्यावर तिचं डोकं टेकलं, बाळाला निजवावं तसं. वरून चुना आला तेव्हा त्यानं मान वाकवली आणि तिचं तोंड झाकलं. तिनं पडता पडता एका हातानं टोपली सरळ धरली होती.

"बोटं दुखायची," मागून ऑर्व्हिल म्हणाला. "थंडीत अजून दुखतात."

"मी कधी पाहिलं नाही."

"कुणी बघू नये म्हणून तर हॅगर्टी हळू फिरव म्हणायचा."

पाद्री आला. चुंबन आलं. वरून कापडाचा गठ्ठा पडला. मी शेवटपर्यंत फिरवलं, फिल्म गरम झाली नाही. सेफेरिनोनं झडप सोडली. त्यानं काचेतलं पाणी बघितलं आणि म्हणाला, "कोमटच आहे. तिच्यासाठी जोरात फिरवतोस ना, म्हणून वाचलं."

शनिवारी मी पुन्हा गेलो. मोटर लागली होती. मागे बसलो. स्टुडिओचा माणूस पुढे होता, गुळगुळीत केसांचा, आणि ऑर्व्हिल त्याच्या शेजारी ताठ.

फाटक उघडलं. टिल्डा तुरुतुरु बाहेर आली, एक पाय उचलला, आणि दिसेनाशी झाली. त्याच क्षणी ती एक पाऊल पुढे होती, पाय टेकलेला. जळलेल्या पावलाची उडी. थिएटर हसण्यानं हादरलं. गेल्या शनिवारी तिथे एवढं कुणी हसलं नव्हतं. स्टुडिओच्या माणसानं ऑर्व्हिलच्या गुडघ्यावर थाप मारून विचारलं, "हे कसं केलंत?"

ऑर्व्हिल वळला आणि अंधारात मला शोधू लागला. सापडल्यावर त्या माणसाला म्हणाला, "आमचा हँडलवाला. त्यालाच विचारा."

त्या माणसानं मला काही विचारलं नाही. ऑर्व्हिलला मात्र त्यानं नंतर बोलावून घेतलं. दोन बोलपटांत तो शिडीवरून पडला. नाव आलं नाही, पण आवाज आला.

मी त्या शनिवारी चित्र संपायच्या आधीच उठलो. बाहेर ऊन होतं. त्या उडीला लोक अजून हसतात, रीळ जिथे लागतं तिथे. हसू देत. त्या उडीत तिचं एक पाऊल आहे, फाटकापाशीचं. ते कुणाला दिसत नाही. मी टेकडी चढायला लागलो, धून गुणगुणायला लागलो, आणि ती माझ्या डाव्या बाजूला चालत होती, पाय किंचित बाहेर टाकून.